बर्फातली बाई

१२ जून, बुधवार

रक्तातली साखर ९.२. नर्सबाई म्हणते सातच्या आत हवी.

ही वही तिनेच दिली, रोज सकाळची साखर लिहायला. पण एवढ्या मोठ्या पानावर एवढासा आकडा लिहून बाकीचं पान कोरं सोडायचं माझ्या जिवावर येतं. चर्चच्या पाळकांच्या शाळेत मी तीनच वर्षं गेले. तिथे आम्ही खडूचा तुकडा नखाएवढा होईपर्यंत वापरायचो. म्हणून उरलेल्या जागेत मी मला हवं ते लिहिणार. नर्सबाईला वाचायचं असेल तर वाचू दे, तिचंही मन रमेल.

तर आजची मोठी गोष्ट. पेनिनाने पाठवलेला फोन आला! पेनिना माझी धाकटी. आमच्या बेटावरून विमानाने ऑकलंडला गेली, तिथेच असते, नवरा रोपाती आणि आठ महिन्यांची मासिना. मासिना हे माझ्या आईचं नाव. बाळाला मी अजून हातात घेतलेलं नाही, पण तिचे पाय माझ्यासारखे रुंद आहेत हे फोटोतसुद्धा दिसतं. रुंद पाय चांगले, चिखलात घसरत नाहीत.

तिकडून सुट्टीला आलेल्या पाहुण्याच्या पिशवीतून फोन आला, मासळीच्या डब्यांच्या मधोमध, बाळाच्या दुपट्यात गुंडाळून. सोबत चिठ्ठी, ‘आई, हा फक्त तुझा फोन. दादाच्या फोनवर आता काही बोलायचं नाही. ह्याच्यावरच बोलू, आणि नंबर कुणाला देऊ नकोस.’ किती जीव आहे बघा पोरीचा! आईशी बोलायला तिला वेगळा फोन लागतो.

१५ जून, शनिवार

साखर १०. भाजलेला निरफणस खाल्ला, खोटं कशाला बोलू.

फोलोलेने फोनमध्ये फळांचा खेळ घालून दिला. फोलोले म्हणजे माझ्या मोठ्या मुलाची, तोमासीची मुलगी. चौदा वर्षांची आहे, शाळेत जाते आणि घरी आली की माझ्यावर डाफरते. खेळ फुकटचा आहे. तीन पपया एका ओळीत आणल्या की त्या हसतात आणि फट्कन फुटतात. अननस फुटला की घंटी वाजते. एवढी मजा मला माझ्या लग्नातसुद्धा आली नव्हती. लग्नात डुक्कर भट्टीतून कच्चंच निघालं होतं आणि सासरे माझ्या बापाशी दोन महिने बोलत नव्हते, पण ते असो.

एक कटकट आहे. दर डाव संपला की कुणीतरी मधे घुसतं. कधी मिशावाला राजा पाण्यात बुडत असतो, कधी कुणी दात घासत असतं, कधी नुसता आरडाओरडा.

“आजी, त्या जाहिराती आहेत. खेळ फुकट आहे ना, म्हणून त्या बघायच्या.”

“आणि नाही बघितल्या तर?”

“कोपऱ्यात फुली येते, ती दाबायची. अगं थांब! ती नाही! ती खोटी फुली आहे!”

तोवर मी दाबली होती. फोनने मला उचललं आणि कुठल्याशा दुकानात नेऊन उभं केलं. खरी फुली मुंगीच्या डोक्याएवढी असते आणि ती पाच आकडे मोजल्यावर येते. साठी उलटलेल्या बाईचे डोळे काय असतात हे त्या लोकांना कुणी सांगितलेलं दिसत नाही.

१९ जून, बुधवार

आज बाजारातून येताना बसमध्ये माझी अब्रू गेली. बस खच्चून भरलेली, माझ्या मांडीवर कुणाची तरी शाळकरी पोर आणि समोर पाळकबाई. मी हळूच फळं जुळवत होते. डाव संपला आणि फोन मोठ्याने ओरडला, “तुमच्या गावातल्या एकट्या बायका तुमची वाट बघत आहेत!”

आख्खी बस माझ्याकडे वळली. मग माझी नणंद सिएनी मागून म्हणाली, “वहिनी, मी एकटीच आहे, पण मी काही तुझी वाट बघत नाही हो.”

बस हसून हसून डोलली. मी फोन लुंगीत कोंबला, तो आतूनही बोलतच होता. सिएनी माझ्या शेजारीच राहते. तिच्या फोनमध्येही हाच खेळ आहे आणि ती माझ्या पुढे आहे, म्हणून तिचं तोंड एवढं सुटलंय. तिने मला युक्ती सांगितली. जाहिरात आली की फोन पालथा घालायचा, आतल्या माणसाला वाटतं आपल्याकडे कुणी बघत नाही आणि ते निघून जातं. करून पाहिलं. जात नाही.

२२ जून, शनिवार

साखर लिहायची राहिली.

आज एक वेगळीच जाहिरात आली. चित्रातलीच बाई आहे, पण रडते खरी. तिला कुणी घराबाहेर काढलंय. कडेवर बाळ. मोडक्या झोपडीत शिरते तर छपराला भोक, आणि त्यातून बर्फ पडतोय. बाळ थंडीने निळं पडलंय. बाजूला तीन वस्तू येतात, घोंगडी, फळी आणि काडेपेटी. मग कुठूनसा एक हात येतो आणि फळी सोडून भलतंच उचलतो. वारा येतो. बाई बाळाला पोटाशी धरून खाली बसते. संपलं.

मी ओरडले, “अरे मेल्या, आधी भोक बुजव!” फोलोले धावत आली, तिला वाटलं मला चक्कर आली.

हसू नका, पण त्या बाळाचे पाय रुंद होते. मी नीट पाहिलं.

२५ जून, मंगळवार

पेनिनाचा फोन आला! कॅमेरा बिघडलाय म्हणे, म्हणून तोंड दिसलं नाही, पण मासिनाचा आवाज ऐकला. खोकत होती. तिकडे जून-जुलैत हिवाळा.

पेनिना हल्ली नेहमी गाडीतूनच बोलते. केवढी मोठी गाडी असेल! मासिना तिथेच झोपते, तिथेच दूध पिते. लहान मुलांना गाडी आवडतेच. मी विचारलं, आंघोळ कुठे घालतेस? तर म्हणाली, पोहण्याच्या तलावावर. रोज! ऊन पाणी आहे म्हणे तिथे. आम्ही आयुष्यभर गावच्या झऱ्यावर आंघोळ केली आणि माझी पोर रोज पोहण्याच्या तलावावर. मी सिएनीला दोनदा सांगितलं, तिला ऐकू येत असूनही.

“तू बरी आहेस ना गं?” मी विचारलं.

“बरी आहे आई. सगळं छान आहे. तू सांग ना, काहीतरी सांगत राहा.”

मग मी लग्नातल्या कच्च्या डुकराची गोष्ट पुन्हा सांगितली. ती ऐकत होती. मधे तिचा आवाज येईनासा झाला, बहुतेक रेंज गेली.

२८ जून, शुक्रवार

आज जावईबापूंचा फोन तोमासीच्या फोनवर आला. रोपाती किती मऊ बोलतो! आई, तब्येत कशी, साखर कशी, सगळं विचारलं. मग म्हणाला, “पेनिना तुमच्याशी बोलते का हो? मी कामावर असतो, कळत नाही काही.” मी म्हटलं, बोलते तर! गाडीतून बोलते, रोज पोहण्याच्या तलावावर जाते बाळाला घेऊन. तो म्हणाला, “हो का. कुठल्या तलावावर?” ते मला कुठून ठाऊक. मी म्हटलं, ऊन पाण्याच्या. तो हसला आणि देव तुमचं भलं करो म्हणाला.

नवरा असा विचारपूस करणारा हवा. माझे हे तर मी कुठे आहे ते जेवायच्या वेळीच विचारायचे.

३ जुलै, बुधवार

आठ दिवस झाले, पेनिनाचा फोन नाही. बर्फातली बाई मात्र रोज येते. मी तिला वाचवायचे सगळे उपाय केले. घोंगडीला बोट लावलं, दुकानात गेले. काडेपेटीला लावलं, दुकानात गेले. एकदा डोळे मिटून प्रार्थना केली, तरी त्या हाताने भलतंच उचललं.

आता मला खेळ उघडायचीच भीती वाटते आणि उघडल्याशिवाय राहवतही नाही. काल चटई विणताना चार पाती उलट घातल्या, आजवर असं कधी झालं नाही. सिएनी म्हणाली, “वहिनी, ही चटई आहे का मासे पकडायचं जाळं?”

आज मी पाळकबाईंकडे गेले. म्हटलं, एक आई आणि तिचं बाळ थंडीत बाहेर काढलेलं आहे, त्यांच्यासाठी रविवारी प्रार्थना करायला सांगा. त्यांनी माझा हात हातात घेतला. नाव विचारलं नाही. आमच्यात प्रार्थना मागणाऱ्याला नाव विचारत नाहीत, उगाच कुणाची लाज उघड्यावर यायची. त्यांनी विचारलं असतं तर मी सांगितलं असतं की ती फोनमधली आहे. पण विचारलं नाही, आणि मीही म्हटलं, कशाला.

७ जुलै, रविवार

पाळकसाहेबांनी प्रार्थना केली! पांढरी टोपी घालून मी पुढे बसले होते. ते म्हणाले, “प्रभू, आपल्या मातालेनाबाईंनी आज अशा एका आईसाठी हात जोडले आहेत, जी तान्ह्या लेकराला घेऊन घराबाहेर, थंडीत आहे. तिला छप्पर दे.” सगळी मंडळी आमेन म्हणाली. पाळकांची मुलगी दर रविवारी आख्खी उपासना फोनवर दाखवते, म्हणजे ऑकलंड, सिडनी, जिथे जिथे आपली माणसं आहेत, तिथे सगळ्यांना ती घरबसल्या दिसते. एवढी माणसं आमेन म्हणाली म्हटल्यावर काहीतरी होईलच.

घरी येऊन खेळ उघडला. बाई होतीच. तो हात तसाच.

८ जुलै, सोमवार

सिएनीने मला पकडलं. “वहिनी, ती थंडीतली आई कोण गं? सगळं गाव विचारतंय. तोमासीच्या बायकोला तू बाहेर काढणार आहेस का?”

मला खरं सांगावं लागलं. सिएनी आधी खांबाला धरून हसली, मग रस्त्यावर जाऊन हसली. दुपारपर्यंत गावभर झालं की मातालेनाने जाहिरातीसाठी मंडळीकडून प्रार्थना करवून घेतली. तोमासी वाडीवरून आला तो तांबडालाल. “आई, पाळकसाहेबांना मी तोंड कसं दाखवू? त्या जाहिराती आत्ताच्या आत्ता बंद कर, नाहीतर फोन दे इकडे.”

फोलोलेने बंद करून दिल्या. दोन बोटांत काम. वरून पडदा ओढायचा आणि विमानाचं चित्र दाबायचं. “पण आजी, हे खेळण्यापुरतंच हं. झालं की...” एवढ्यात शाळेची गाडी आली. खेळांच्या स्पर्धेला आठवडाभर राजधानीला, अपियाला चालली होती, बोलता बोलता पळाली.

पुढचं माझं मला कळलं. विमान म्हणजे ऑकलंड, आणखी काय! आमची मुलं सगळी विमानानेच गेली. विमान लावलं की फालतू लोकांना रस्ता बंद आणि पेनिनाचा फोन सरळ माझ्याकडे. हे आधीच सांगितलं असतं तर एवढी शोभा झाली नसती.

१० जुलै, बुधवार

साखर ८.८. शाबास मातालेना.

तीन दिवस एकही जाहिरात नाही. सत्तर डाव झाले. सिएनीला मागे टाकलं. विमान लावूनच ठेवलंय, काढतच नाही. पेनिनाचा फोन काही आला नाही, कामात असेल.

पण एक सांगू का. डाव संपतो आणि कुणीच येत नाही. पपया फुटतात आणि सगळं चिडीचूप. मग वाटतं, ती बाई कुठे गेली? मी दार लावून घेतलं आणि ती बाहेरच राहिली, असं काहीतरी. निदान मी बघत तरी होते. आज चुलीपाशी बसले असताना एकदम थंडी वाजून आली. इथे! भर दुपारी!

१२ जुलै, शुक्रवार

आज अक्षर बघू नये.

राहवलं नाही म्हणून सकाळी सिएनीकडे गेले. म्हटलं, तुझा फोन दे, मला ती बाई बघायची आहे.

“लोक जाहिरात चुकवायला धडपडतात आणि तू ती बघायला माझ्या घरी येतेस? तुझ्या फोनला काय झालं?”

“माझ्यात आता येत नाही. मी विमान लावलंय.”

“दाखव.” तिने पाहिलं आणि तिचं हसू गेलं. “वहिनी, कधीपासून?”

“सोमवारपासून.”

“अगं, हे लावलं की फोन मरतो! कुणाचाच फोन येत नाही. विमानात बसणारे लोक हे लावतात, बोलणं बंद ठेवायला.”

तिने विमान काढलं. फोन हातात थडथड उडायला लागला. पेनिना, पेनिना, पेनिना. सतरा वेळा. सोमवारी नऊ, मंगळवारी सहा, बुधवारी दोन. आणि आवाजाचे तीन निरोप.

पहिला. “आई, रविवारची उपासना मी बघितली. तुला कुणी सांगितलं? आख्ख्या गावासमोर आई... पण बरं झालं. आता मला बोलता येईल. फोन उचल ना.”

दुसऱ्यात ती फारसं बोलतच नाही. मासिना खोकते आहे, थांबते आहे, परत खोकते आहे. मागे कुठेतरी लोक गात आहेत. “आई, गाडीच्या काचा आतून ओल्या होतात. तलावापासून गाडी हलवावी लागली. तिथे तो आला होता. कसं कळलं त्याला कोण जाणे.”

तिसरा. “ठीक आहे आई. तुला राग आला असणार. मी परत नाही करणार फोन.”

मी लगेच लावला. तिकडून बाई बोलते, हा फोन बंद आहे. दहा वेळा लावला. सिएनीने दहा वेळा लावला.

रोपातीला कसं कळलं ते मला ठाऊक आहे. मी सांगितलं. मीच सांगितलं, हसत हसत, ऊन पाण्याचा तलाव म्हणून. हे इथे लिहून ठेवते कारण दुसऱ्या कुणाला सांगायची माझी हिंमत नाही.

१२ जुलै, तोच दिवस, दुपार

सिएनी मला हाताला धरून पाळकबाईंकडे घेऊन गेली. हसली नाही. पाळकबाईंनी तिन्ही निरोप ऐकले. दुसरा पुन्हा लावायला सांगितला. मग डोळे मिटून तिसऱ्यांदा ऐकला.

“हे मागे गाणं चाललंय ना, ती गायनाची तालीम आहे. सूर ओळखीचा आहे. तिकडच्या आपल्या मंडळीचा. बाजाची पेटी तीच, खालचा सूर बसत नाही तिचा, तिकडे असताना मी पाच वर्षं वाजवली आहे. मातालेनाबाई, तुमची मुलगी चर्चच्या आवारातच आहे कुठेतरी.”

त्यांनी तिकडच्या पाळकबाईंना फोन लावला. त्या म्हणाल्या, मंगळवारी मागच्या बाजूला, कपडे वाळत घालायच्या तारेपाशी एक निळी गाडी होती खरी. आता जाऊन बघते.

आम्ही तिघी बसून आहोत. चहा आला आहे. कुणी पीत नाही. लिहिलं नाही तर मी ओरडेन म्हणून लिहिते आहे. देवा, मी यापुढे कधी खेळणार नाही. देवा, ती गाडी तिथे असू दे. देवा, त्याच्या आधी आपली माणसं पोचू देत.

१३ जुलै, शनिवार

सापडल्या. सापडल्या. दोघी.

गाडी तिथे नव्हती. पुढच्या गल्लीत होती, दुकानांच्या मागे. तिकडच्या सहा बायका तीन गाड्यांतून फिरत होत्या. पेनिनाने आधी काच उघडली नाही. मग एकीने बाहेरूनच आपलं गाणं म्हटलं, आपल्या भाषेत. तेव्हा उघडली. मासिनाला ताप आहे, डॉक्टरांनी औषध दिलंय, छातीत काही नाही म्हणाले. आता त्या पाळकांच्या घरी आहेत. पत्ता मी इथे लिहीत नाही. कुठेच लिहीत नाही.

आज पेनिना बोलली माझ्याशी. कॅमेरा चालू होता. म्हणजे कॅमेरा कधी बिघडलाच नव्हता. तिची डावी भुवई फुटून भरली आहे.

“आई, तुला कुणी सांगितलं होतं?”

खोटं सांगता आलं असतं. आईला सगळं कळतं म्हटलं असतं तर तिला बरं वाटलं असतं, आणि मलाही. पण या तोंडाने एकदा पुरेसं बोलून झालंय. मी म्हटलं, “कुणी नाही गं. फळांच्या खेळात मधे एक बाई येते, बर्फातली. तिच्यासाठी प्रार्थना मागितली होती मी.”

ती म्हणाली, “छपराला भोक असतं ती? हात चुकीचंच उचलतो ती?”

“तीच.”

“आई, मीही तोच खेळ खेळायचे. गाडीत, मासिना झोपली की. ती बाई आली की मी घाईघाईने फुली शोधायचे. मला ती बघवायची नाही.”

आणि मग ती हसायला लागली. हसता हसता रडली, मासिना दचकून तिच्याकडे बघायला लागली. मी म्हटलं, आणखी एक सांगायचं आहे. तलावाचं मी सांगितलं त्याला. ती हसायची थांबली. मग म्हणाली, “तो गोड बोलतो आई. मीही चार वर्षं सगळं सांगत होते त्याला.”

१६ जुलै, मंगळवार

साखर १२. मासिना येणार आहे!

तिकडच्या बायकांनी पोलिसांत लिहून दिलं, कागद केले, विमानाचं पाहिलं. शनिवारच्या बोटीने इथे. मी सगळ्या चटया उन्हात घातल्या, डुकराला दोनदा खायला घातलं आणि फोलोलेला चारदा ओरडले. तोमासी नुसती लाकडं फोडतो आहे. एवढी लाकडं आम्हाला वर्षभर लागणार नाहीत.

मधेच आनंदाने नाचावंसं वाटतं आणि मधेच रस्त्यावर अनोळखी गाडी थांबली की उठून बघायला जाते. रोपातीचा तोमासीला फोन आला होता. तोमासीने उचलला, ऐकला, ठेवला. काय म्हणाला ते सांगत नाही.

२० जुलै, शनिवार

मासिना माझ्याकडे आली आणि भोकाड पसरलं. बोटीवरून उतरल्यावर सिएनीकडे बघून हसत होती, माझ्याकडे आली आणि भोकाड! सिएनीला आता वर्षभर पुरेल. बाळ वजनाला हलकं आहे, पण पाय अगदी फोटोतल्यासारखे.

पेनिना जेवली नाही.

२२ जुलै, सोमवार

पेनिना दोन रात्री झोपलेली नाही. आमच्या घराला भिंती नाहीत, गावात कुणाच्याच मोठ्या घराला नाहीत. खांब, वर छप्पर, वारा आरपार. शनिवारी तिने मला विचारलं, “आई, कडी कुठे लावू?” ह्याच घरात वाढलेली मुलगी. तोमासीच्या मागच्या खोलीला दार आहे, तिथे नेलं तर आत तिला गाडीसारखं कोंडतं. परत बाहेर आली आणि मोठ्या घरात बाळाला मांडीवर घेऊन रस्त्याकडे तोंड करून बसली. गाडी गेली की मान वळते. कोंबडी फडफडली तरी उठते.

आज दुपारी सिएनी आली, काखेत चटईची पाती. रस्त्याच्या बाजूच्या खांबाला पाठ लावून बसली आणि विणायला लागली. पेनिनाला म्हणाली, “तू पड गं. माझ्या ह्या देहाच्या पलीकडचं काही दिसतं का तुला?”

मग पाळकबाई आल्या, त्या समुद्राकडच्या खांबाला बसल्या. मग महिला मंडळातल्या एकेक. कुणी बोलावलं नव्हतं, मी तर नाहीच. प्रत्येक खांबाला एक बाई, आणि खांबांच्या मधे मुली. सगळ्या विणत होत्या आणि मासिना ह्या मांडीवरून त्या मांडीवर. माझ्या मांडीवर आली तेव्हा माझं बोट चोखलं, रडली नाही, हे लिहून ठेवते.

पेनिना मधोमध आडवी झाली. आधी डोळे उघडे. मग एक डोळा. मग तोंड उघडं टाकून, लहानपणी झोपायची तशी.

संध्याकाळी शंख वाजला. शंख वाजला की ज्याने त्याने आपल्या घरी प्रार्थनेला बसायचं, दुसरीकडे दिसलं की गावाचा दंड. एकही बाई उठली नाही. गस्तीची पोरं रस्त्याने आली, आमच्यापाशी थांबली. सिएनीने ओठांवर बोट ठेवलं आणि पोरं चपला हातात घेऊन पुढे गेली.

प्रार्थना आम्ही तिथेच केली, कुजबुजत, ती उठू नये म्हणून.